रापणीवरचे साहेब

आमच्या किनाऱ्यावर कॅमेऱ्याच्या स्टँडला मासळीचा वाटा मिळत असे. ऐकणारा हसतो, पण ती मासळी मी स्वतः चार महिने शिजवली आहे.

रापण म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं. होडी ते समुद्रात अर्धगोल सोडून येते, दोन्ही टोकांचे दोर वाळूवर आणून देते, आणि मग दोन बाजूंनी माणसं ते ओढत आणतात. दोराला जो हात लावील त्याला वाटा, ही आमच्याकडची जुनी रीत. पाहुणा असो की पोस्टमन, धरला दोर की घे वाटा. माझ्याकडे उतरलेल्या, कॅमेरा लावून बसणाऱ्या साहेबांनी दोराला कधी हात लावला नाही. पण त्यांचा स्टँड दोराच्या वाटेतच उभा होता आणि दोर सकाळपासून त्याच्या एका पायाला घासत होता. पहिल्या दिवशी रापणीचे म्होरके दाजी वाटे घालत घालत तिथपर्यंत आले आणि सात बांगडे स्टँडच्या पायाशी ठेवून पुढे सरकले.

"दाजीनू, साहेबांनी दोराक बोट लावूक नाय," बाबल म्हणाला. बाबल रापणीचा हिशेबनीस. पस्तिशीचा आणि घाईचा.

"साहेबांक खंय दिलंय? ह्येका दिलंय. सकाळपासून एका जागेर उभो आसा. तुज्यासारखो चाय पिवक गेलो नाय."

साहेब शाकाहारी. त्यांनी ती पिशवी दोन बोटांत धरून माझ्या स्वयंपाकघरापर्यंत आणली. "बाई, हा स्टँडचा वाटा आहे. माझा त्याच्याशी संबंध नाही."

मी बांगडे धुवायला घेतले. कोणाचा का असेना, मासा ताजा होता.

साहेब फोंडाघाटचे. वजनमापे निरीक्षक म्हणून निवृत्त झालेले. बायको वारलेली, मुलगी लांब नोकरीला. कोणीतरी सांगितलं, समुद्राकाठी चार दिवस राहून या, म्हणून ते मालवणच्या गाडीत बसले आणि एसटी स्टँडवरच्या रिक्षावाल्याने त्यांना माझ्याकडे आणून सोडलं. माझ्या घराला पाहुण्यांसाठी तीन खोल्या आहेत. दारावर पाटी आहे, 'किनारा पन्नास पावलांवर'. दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब किनाऱ्यावरून परत आले ते थेट पाटीसमोर उभे राहिले.

"अडुसष्ट आहेत."

"असतील."

"माझी अडुसष्ट. तुमची उंची धरली तर त्र्याहत्तर व्हावीत. पाटी बदला."

मी पाटी बदलली नाही. ते चार दिवसांसाठी आले आणि सात महिने राहिले, तरी त्या पाटीखालून जाताना दर वेळी मान खाली घालत. दुसऱ्याचा गुन्हा पाहून ओशाळणारा माणूस मी तेवढा एकच पाहिला.

त्यांना भांडण्यात रस नव्हता. चूक दिसली की ती सांगायची आणि लिहून ठेवायची, इतकंच. माझ्याकडे भात वाढायचे दोन डाव होते. त्यांनी एक दिवस दोन्हीतला भात तोलून पाहिला आणि विचारलं, "कोणत्या पाहुण्याला कोणता डाव, हे कोण ठरवतं?" मी म्हटलं, जो हाताला लागेल तो. त्यांनी दोन्ही डाव शेजारी शेजारी ठेवले. मग रंगाची डबी मागून एका दांड्यावर 'अ' आणि दुसऱ्यावर 'ब' असं लिहून दिलं. अजून तशीच अक्षरं आहेत. 'ब' लहान आहे. तो मी आमच्या ह्यांच्यासाठी ठेवला आहे.

मालवणच्या बाजारात त्यांना घेऊन जाणं म्हणजे अर्धा दिवस गेलाच. एकदा काकड्या विकणाऱ्या बाईच्या तराजूसमोर ते थांबले. ती घाबरली नाही, मी घाबरले.

"तुमचं अर्ध्या किलोचं वजन तीस ग्रॅम जास्त भरतं," साहेब म्हणाले. "तुमचं नुकसान होतंय."

"म्हायत आसा माका," ती म्हणाली. "मगे गिराईक माज्याकडे येतत ते कित्याक? माजो चेहरो बगूक?"

"जास्त ही पण चूकच असते."

तिने मला विचारलं, "ह्यांका घरात कोण नाय काय गो?" आणि त्यांच्या हातात एक काकडी ठेवून दिली, जाण्यासाठी. ते जाग्यावरून हलले नाहीत. त्यांनी आधी काकडी तोलून घेतली.

"नोंद नाही तर घटना नाही," असं त्यांचं म्हणणं. एकदा विळीवर माझं बोट कापलं. रक्त पाहून ते धावत आले, घड्याळ पाहिलं, वहीत वेळ लिहिली आणि मग हळद आणायला पळाले. हळद त्यांनी व्यवस्थित लावली, तेही सांगितलं पाहिजे.

सिनेमाचं खूळ मालवणच्या एसटी स्टँडवरून आलं. तिथे कुठल्याशा हौशी मंडळाने पत्रक चिकटवलं होतं. सामायिक जागेत माणसं रोज कशी वागतात, याचं निरीक्षण करणारा लघुपट पाठवा. आपण असलं काही वाचतो आणि गाडी लागली की विसरतो. साहेबांनी नोकरीत एकही परिपत्रक अनुत्तरित ठेवलं नव्हतं. त्यांनी पत्रक शब्दशः उतरवून आणलं.

"विषय दिलेला आहे," ते म्हणाले.

"कोणाला दिलाय?"

"ज्याच्या वाचनात येईल त्याला."

मुलीने दिलेला कॅमेरा त्यांच्या बॅगेत डब्यासकट पडून होता. मी म्हटलं, माझ्या पडवीतच काढा की, पाहुणे काय कमी विचित्र वागतात? ते म्हणाले, पडवी खाजगी मालमत्ता आहे. किनारा सामायिक आहे. आणि ते रापणीच्या दक्षिणेकडच्या दोरापाशी स्टँड रोवून बसले.

पहिले दोन दिवस पुरुष मंडळी केस विंचरून आली. एकजण गॉगल घालून दोर ओढत होता. तिसऱ्या दिवशी जाळ्यात तारली मासळी लागली आणि कॅमेरा सगळेच विसरले. साहेब त्याचीच वाट पाहत होते.

त्यांनी काय टिपलं, ते सांगते. दोर ओढणारा माणूस पाण्याच्या काठाला दोर धरतो, उलट्या पावलांनी वर वर येतो, आणि वरच्या टोकाला पोचला की दोर सोडून पुन्हा पाण्याकडे जातो. सगळं काम या फेऱ्यांत चालतं. साहेबांचा सगळा सिनेमा त्या परतीच्या चालीचा. सोडलेला दोर पुन्हा धरेपर्यंत कोण किती वेळ लावतो आणि त्या वेळात काय करतो. आमच्या ह्यांनी एका सकाळी अकरा वेळा लुंगी सोडून बांधली. लुंगीला काहीही झालेलं नव्हतं. बाबल सगळ्यांत मोठ्याने "ओढा रे, ओढा" म्हणत होता आणि तेवढं म्हणण्यासाठी त्याला दोन्ही हात मोकळे लागत होते.

असा एक तास चाळीस मिनिटांचा ऐवज झाला. मंडळाला वीस मिनिटांचा लघुपट हवा होता, साहेबांनी सगळाच पाठवला. मंडळाने तो परत पाठवला, मर्यादेपेक्षा लांब आहे म्हणून. साहेबांना वाईट वाटेल असं मला वाटलं होतं. त्यांनी ते पत्र मला दोनदा वाचून दाखवलं आणि म्हणाले, "अगदी बरोबर लिहिलंय. असं काम हल्ली दिसत नाही."

पण ते पुढचं. त्याआधी गावात जे झालं ते सुंदरकाकीमुळे झालं.

सुंदरकाकी पंचाहत्तरीच्या पुढची. नवरा याच रापणीवर होता, तो जाऊनही बरीच वर्षं झाली. तिला मूलबाळ नाही. रोज सकाळी टोपली घेऊन ती किनाऱ्यावर येते, टोपली वाळूवर ठेवते आणि दोरावर उभी राहते. मिळालेल्या वाट्यातला अर्धा विकते, अर्धा खाते. दुसरं काही नाही. एका पावसाळ्यात रापण बंद असताना मी तिला दोन बांगडे नेऊन दिले होते. तासाभराने तिने ते माझ्याच टोपात, माझंच झाकण लावून परत आणले.

"माका देतंस कित्या गो? मी तुज्याकडे मागूक इल्लंय?"

फुकटची मासळी तिच्या घशाखाली उतरत नाही. वाट्याची उतरते.

त्या वर्षी मासळी कमीच होती. वाटे मात्र तेवढेच. बाबलने एक दिवस दाजींसमोर विषय काढला. मी तिथेच, स्टँडचा वाटा घ्यायला उभी होते.

"साहेबांच्या पिच्चरात सगळा दिसता म्हणतत. सगळ्यांनी बसान बगूया. कोण ओढता आणि कोण नुसतो मिरवता. जो ओढणा नाय तेचो वाटो बंद. मगे कोणाक बोलूक जागा नको."

दाजी समुद्राकडे बघत होते. त्यांना नाही म्हणायचं असलं की ते समुद्राकडे बघतात, पण बाबलला ते कळत नाही. शेवटी ते म्हणाले, "बगूया तर बगूया."

साहेबांना विचारलं तर ते लगेच तयार झाले. नोंद सार्वजनिक आहे, म्हणाले.

मी शहाणपणा केला आणि आदल्या दुपारी जेवणाच्या टेबलावर त्यांच्या लॅपटॉपवर सगळं पाहून घेतलं. आमच्या ह्यांच्या लुंगीला मी हसले. मग काकी आली. सलग चार मिनिटं. उलट्या पावलांनी चालतेय, हात पुढे, मूठ घट्ट वळलेली, चेहऱ्यावर जोर. आणि मूठ रिकामी. दोर तिच्या मुठीखालून, चार बोटं खालून, आपला आपण चालला होता.

"हे तुम्हाला कधी दिसलं?"

"पहिल्या दिवशी."

"आणि बोलला नाहीत?"

"मला कोणी विचारलं नाही."

मी म्हटलं, एवढी चार मिनिटं काढून टाका. दीड तासात चार मिनिटं कोणाला कळणार?

"बाई, मी नोंदीत कधी खाडाखोड केलेली नाही."

"तिचा वाटा गेला तर ती जेवेल काय? आणि कोणी दिलेलं ती घेणार नाही, हे तुम्हाला माहीत आहे."

"माहीत आहे."

"तुमच्या स्टँडने तरी कधी दोर ओढलाय? त्याला वाटा चालतो ना?"

ते विचारात पडले. मला वाटलं, जमलं. थोड्या वेळाने म्हणाले, "मुद्दा बरोबर आहे. स्टँडचाही वाटा बंद व्हायला हवा."

"मग माझ्याकडचं जेवणसुद्धा बंद," मी म्हटलं.

"ठीक आहे."

त्या संध्याकाळी आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी केळी खाल्ली. सालं मोजून कचऱ्यात टाकली. मला त्यांच्या एकट्यासाठी केलेली वालीची भाजी टाकवेना, म्हणून दुपारी मीच ताट वाढलं. बोलले मात्र नाही.

जाळी ठेवायच्या खोपीत चार वाजता सिनेमा झाला. उजेड येऊ नये म्हणून दारांवर ताडपत्री लावली, शाळेतून प्रोजेक्टर आणला, पडदा म्हणून माझी डबल बेडची चादर. पन्नासेक माणसं जाळ्यांच्या ढिगांवर बसली. सुंदरकाकी सगळ्यांत पुढे, टोपली मांडीवर.

पहिला तासभर मजेत गेला. जो तो दुसऱ्याला बघून हसत होता आणि स्वतः आला की खोकत होता. बाबलचं "ओढा रे" तीनदा ऐकू आल्यावर मागून कोणीतरी म्हणालं, "बाबला, तुजो आवाज लय जोरात ओढता रे." बाबलही हसला. आमचे हे लुंगीच्या पाचव्या वेळेला बाहेर जाऊन आले.

मग काकी आली.

"ह्यां कोण म्हातारां?" काकीने शेजारणीला विचारलं.

"तूच गो ती."

"केदां वाकलंय मी," ती म्हणाली. आणि मग तिलाही ते दिसलं. हळूहळू सगळ्यांना दिसलं. 

बाबल उभा राहिला. त्यालाही ते सोपं जात नव्हतं, कारण काकी त्याच्या आईची मैत्रीण. पण विषय त्यानेच काढला होता. "थांबवा साहेब. काकी, हात दोराक लागता काय गो?"

"नाय लागणा," काकी म्हणाली. "टेकलंय तर माजो भार दोरार येता. मगे तुमी जाळां ओढशात काय माका?"

 ती पुढे म्हणाली, "पयलां धरी होतंय. दोन वर्सां झाली, गुडगे रवणत नाय." आणि टोपली मांडीवरून खाली जमिनीवर ठेवली.

"ऐकल्यात?" बाबल कोणाकडेच न बघता म्हणाला. "साहेब, तुमी मापाच्या कामातले माणूस. तुमीच सांगा. हात लागलो, काय नाय लागलो?"

साहेब उठले. चादरीवर काकी मूठ वळून थांबलेली होती. त्यांनी खिशातून टेप काढली, चादरीवरच काकीच्या मुठीपासून दोरापर्यंतचं अंतर मोजलं, मग दोराची जाडी मोजली. खऱ्या दोराची जाडी त्यांना पाठ होती. वहीत त्रैराशिक मांडलं. प्रोजेक्टरच्या उजेडात त्यांच्या सदऱ्यावर काकीचा अर्धा चेहरा पडला होता आणि पन्नास माणसं एका चादरीकडे बघत होती.

"सव्वातीन इंच," साहेब म्हणाले.

"म्हणजे लागाक नाय."

"दोर तीनशे वीस मीटरचा आहे. त्यावर सव्वातीन इंच. कुठलंही माप शंभर टक्के नसतं, प्रत्येकाला थोडी चूक माफ असते. मर्यादा ठरलेली आहे. हे अंतर मर्यादेच्या आत आहे." त्यांनी वही मिटली. "हात दोरावर आहे, असं धरण्यात यावं."

"ह्यां खंय लिवलेलां आसा?"

"नियमात."

"खंयच्या नियमात?"

"वजनमापांच्या. उभी नोकरी मी तेच राबवलंय."

नियम म्हटल्यावर बाबल बसला. दाजी म्हणाले, "झाला तर मगे. पिच्चर चालू करा." उरलेला सिनेमा कोणी धड पाहिला नाही.

सगळे गेल्यावर साहेब मला चादरीची घडी घालायला मदत करत होते. मी विचारलं, असा नियम खरंच आहे?

"आहे. कापडाच्या दुकानातल्या मीटरपट्टीला आहे."

"आणि दोराला?"

त्यांनी चादरीचे कोपरे नीट जुळवले. "दोर हे मापाचं साधनच नाही."

खोलीत जाऊन त्यांनी वहीत नोंद केली. दुसऱ्या दिवशी अंथरूण काढताना वही उघडीच होती, म्हणून मी वाचली. 'निरीक्षकाने अधिकाराबाहेर जाऊन निर्णय दिला. त्यास लेखी समज देण्यात यावी.' त्याच्या खाली समजपत्र. त्याच्या खाली, समजपत्र मिळाल्याची त्यांची सही.

पण ती वही मी वाचत होते त्याच सकाळी किनाऱ्यावर वेगळाच घोळ चालला होता. आरडाओरडा पडवीपर्यंत ऐकू आला म्हणून मी गेले, आणि शेवटचा भाग डोळ्यांनी पाहिला.

सुंदरकाकीने रात्रीत ठरवलं होतं की मेहेरबानी नको. तिने दोर दोन्ही हातांनी धरला आणि दात आवळून ओढायला लागली. म्हातारी असं ओढतेय म्हटल्यावर मागच्या पुरुषांना लाज वाटली. तेही ओढायला लागले. समोर कॅमेरा होताच. कोणी फेरीत थांबेना, कोणी तंबाखू मळेना. आमच्या ह्यांनी म्हणे लुंगीला हात लावला नाही. दक्षिणेकडचा दोर असा धावत आला की कोणाच्या आठवणीत नाही.

उत्तरेकडच्या दोरापाशी कॅमेरा नव्हता. तिकडची माणसं रोजच्यासारखी, आपल्या लयीत, तंबाखू खात ओढत होती.

रापणीचं जाळं दोन्हीकडून सारखं यावं लागतं. ते तिरकं आलं. दक्षिणेचं टोक वाळूवर आणि उत्तरेचं अजून समुद्रात, आणि मधल्या वाटेने मासळी सुखाने निघून गेली. जाळ्यात आल्या चार कुर्ल्या, जेलीफिशचा चिखल आणि एक चप्पल. काकी वाळूत बसकण मारून धापा टाकत होती. तिचे तळवे सोलले होते. वाटे घालायला काही नव्हतंच.

दाजी आले. आधी जाळ्याकडे बघितलं, मग काकीकडे.

"कोणी सांगलान तुका ओढूक?"

"वाटो व्हयो तर ओढूक नको?"

"तुजो वाटो काल ठरलो. सायबांनी मोजून सांगल्यानी. आता तू ओढलंस तर हे गाढव ओढतत, आणि मासळी जाता. जाळ्यात चप्पल गावली, तीच वाटूची काय?" मग त्यांनी आवाज उतरवला. "तू आपली हुती तशी उभी रव. तू सावकाश चललंस काय सगळे सावकाश चलतत."

काकीने बाबलकडे पाहिलं. बाबल जाळ्यातून जेलीफिश काढत होता. मान वर न करता म्हणाला, "दाजी सांगतत तसां कर गो काकी. माका कित्या बगतंस?"

दाजींनी जाळं पुन्हा सोडायला लावलं. होडी फिरून आली, दोर वाळूवर पडला, माणसं उभी राहिली. मी काकीच्या तळव्यांना घरून आणलेलं खोबरेल लावलं. ती आपल्या जागी गेली, हात पुढे केला आणि थांबली. मग स्टँडमागे बसलेल्या साहेबांना हाक मारली.

"सायबानू, किती वयर धरू? परत सांगा."

साहेब कॅमेरा सोडून आले. खिशातून टेप काढली, वाळूत गुडघा टेकला, दोरापासून सव्वातीन इंच मोजले आणि काकीची मूठ हाताने धरून बरोबर तिथे लावून दिली.

"इथे," ते म्हणाले.

काकीने मूठ आवळली, चेहऱ्यावर जोर आणला आणि उलटं पाऊल टाकलं. तिच्यामागे सगळा दोर सावकाश चालू लागला.